मच्छिंद्रचे चार गेम

"ह्यातले नको असलेले गेम तेवढे काढून टाका, वैनी. फोन लई अडकायला लागलाय," असं म्हणून मच्छिंद्रनं फोन माझ्या हातात दिला.

मी गिरणीच्या जोत्यावर बसले होते. दळणाचे डबे रांगेला लागले होते, पण वीज गेलेली, त्यामुळे पट्टा थांबला होता. आत्याबाईंचं तेरावं होऊन दोनच दिवस झाले होते. आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई.

मच्छिंद्र आमच्या कारंबळचा वॉलमन. टाकीवरून कोणत्या गल्लीला पाणी कधी सोडायचं आणि कधी तोडायचं, हे त्याच्या खांद्यावरच्या लांब लोखंडी चावीवर ठरायचं. ते दुष्काळाचं वर्ष होतं. पाणी आठव्या दिवशी यायचं, तेही वीज असेल तसं, कधी सकाळी तर कधी भर दुपारी. टाकीजवळच्या खोलीतला विजेचा बोर्ड जळालेला होता, म्हणून मच्छिंद्र रोज येऊन आमच्या गिरणीत फोन चार्जिंगला लावायचा. साधा बटणांचा फोन. माझ्याकडेही तसलाच होता, आणि त्यातलं मला बऱ्यापैकी कळतं हे त्याला ठाऊक होतं.

"कोणते नको हायेत?" मी विचारलं.

"चार ठेवा. गाडीचा, क्रिकेटचा, विटांचा आन् फुग्यांचा. बाकीचे त्या दुकानदारानं उगं भरलेत कार्डात. सायबाचा मेसेज आला की फोन म्हणतोय जागा न्हाई. काल त्यापायी बोलणी खाल्ली मी."

"नीट आठवून सांगा. एकदा गेलेले परत येत न्हाईत."

"चारच. पण त्या चारांना हात लावू नका, वैनी. तेवढ्यावर माझं सगळं चालतंय."

आंधळा मागतो एक डोळा आणि देव देतो दोन. मी गेले पंधरा दिवस ह्या माणसाचं काय वाकडं करता येईल ह्याचाच विचार करत होते, आणि तो स्वतःच्या पायानं चालत येऊन कुठं मारलं म्हणजे लागेल ते सांगून गेला.

माझा राग कशाचा होता ते सांगते. आत्याबाई सात महिने अंथरुणाला होत्या. बाई भारी स्वच्छ. धडधाकट होत्या तेव्हा दिवसातून दोनदा अंघोळ, आणि अंघोळ झाल्यावर न्हाणीसुद्धा धुऊन काढायच्या. पण पाणी आठवड्यावर गेलं तशी त्यांनी स्वतःची अंघोळ बंद केली. मी बादली घेऊन गेले की म्हणायच्या, "माझं राहू दे गं. मी काय, पडून असते. तू दिवसभर पिठात असतीस, तुला अंगावर पाणी लागतंच." ओल्या फडक्यानं अंग पुसून घ्यायच्या आणि तेवढ्यावर भागवायच्या. शेवटी शेवटी एकदा माझा हात धरून म्हणाल्या, "द्वारका, मी गेल्यावर मात्र हात आखडू नकोस. तीन घागरी घाल माझ्या अंगावर. डोक्यावरनं."

मी म्हणाले, "घालीन."

त्या गेल्या त्या दिवशी आमच्या गल्लीच्या पाण्याची पाळी होती. म्हणजे आठवा दिवस. म्हणजे घरातली सगळी भांडी पालथी. गल्लीतल्या कुणाकडं तांब्याभर निघेल तर शपथ. पण मला काळजी वाटली नाही, कारण नऊच्या सुमाराला पाणी येणार होतं. आमचं घर गल्लीच्या अगदी शेवटच्या टोकाला, वॉलचं चेंबर गल्लीच्या तोंडाशी. ह्यांनी बांबू-कडब्याची जुळवाजुळव केली, पाहुणे जमले, दहा वाजले, साडेदहा वाजले. नळ कोरडा. मी नळाच्या तोंडाखाली हात धरून बसले होते. नुसता फुस्स असा आवाज यायचा आणि तळहात आत ओढल्यासारखा व्हायचा.

दारात येऊन पाहिलं तर मच्छिंद्र चेंबरच्या कठड्यावर बसलेला. मान खाली, फोन हातात, दोन्ही अंगठे भराभरा चाललेले. गेम खेळत होता. माझ्या घरात मयत अंघोळीसाठी खोळंबलंय आणि हा बाबा आमच्या गल्लीची पाळी विसरून गेम खेळतोय. मला तिथंच जाऊन त्याची गचांडी धरायची होती, पण मयताच्या घरातली बाई मी, चार बायांनी धरून आत नेलं, आणि गडबडीत दुसऱ्या कुणाला त्याला विचारायचं सुचलं नाही.

अकरा वाजता उन्हाचा कडाका वाढला तशी माणसं म्हणायला लागली की आता थांबता येणार नाही. तेव्हा गल्लीच्या तोंडाशी राहणाऱ्या प्रयागकाकू डोक्यावर एक घागर घेऊन आल्या. "आमच्याकडंबी टिपूस न्हाई गं आलेलं. कालची शिल्लक होती, ती आणली," म्हणाल्या. मी त्यांच्या पाया पडायचीच बाकी होते.

एक घागर. त्यातलं पाव पाणी हात-पाय धुवायला ठेवावं लागलं. उरलेलं मी आत्याबाईंच्या अंगावर तांब्या तांब्यानं घातलं. पाठीपर्यंत पोचलं नाही. केस तर कोरडेच राहिले. मी तसेच विंचरले.

त्या दिवसापासून मच्छिंद्र दिसला की माझ्या डोक्यात गिरणीचा पट्टा फिरायला लागायचा. तो तेराव्याला आला होता, कोपऱ्यात बसून जेवला, जाताना हात जोडले. मी त्याच्याकडं पाहिलंही नाही. मनात म्हटलं, जेव बाबा, तुझा हिशेब व्हायचाय.

आणि आता त्याचा फोन माझ्या मांडीवर होता.

काम सोपं होतं. गेमवर जायचं, डावीकडचं बटण दाबायचं, यादी उघडते, त्यात खाली 'हटवा' असतं. ते दाबलं की फोन विचारतो, 'खात्री आहे?' मला खात्री होती. आधी गाडीचा काढला. मग क्रिकेटचा. मग विटांचा. फुग्यांचा काढायच्या आधी मी तो एकदा उघडून पाहिला. रंगीत फुगे, वरती त्याच्या गुणांचा मोठा आकडा. सहा आकडी होता. इतका जमवायला किती दिवस लागले असतील कोण जाणे. मी डावं बटण दाबलं. खात्री आहे? आहे म्हटलं ना.

जागा करायची म्हणून बाकीच्यांतलेही दहा-बारा काढले, आणि त्याला चार पाहिजे होते तर चार ठेवले. सापाचा, माशांचा, कोड्यांचा, आणि एका पोरीला झगे घालायचे असला एक. मनात म्हटलं, बस आता झगे घालत.

संध्याकाळी प्रयागकाकू दळण न्यायला आल्या. घागरीच्या दिवसापासून त्या मला सख्ख्या मावशीसारख्या वाटायला लागल्या होत्या, त्यामुळे मी त्यांना सगळं सांगून टाकलं. काकू पदर तोंडाला लावून हसल्या.

"बरं केलंस बघ. असंच पायजे त्याला. कामावर लक्ष नको, निस्ता फोन."

"कुणाला बोलू नका, काकू."

"मी कशाला बोलती? माझ्या पोटात गेलं की गेलं."

दुसऱ्या दिवशी सकाळीच मच्छिंद्र आला. फोन हातात धरून उभा राहिला, बसला नाही.

"वैनी, ते माझे चार दिसंनात."

"चार ठेवलेत की. मोजा."

"हे ते न्हाईत."

"मग चुकलं असंल माझं. नावं सगळी इंग्रजीत, मला काय कळतंय?"

मला वाटलं आता हा तणतण करील. मी त्याची वाटच पाहत होते. चांगलं सुनावायला मिळालं असतं. पण तो फोनकडं बघत राहिला आणि म्हणाला, "असू द्या. तुमच्या घरात नुकतं दुःख झालंय, ध्यान कुठनं राहणार?" आणि फोन चार्जिंगला लावून निघून गेला. मला त्याचा आणखीच राग आला.

त्यानंतरच्या दहा-बारा दिवसांत कारंबळच्या पाण्याचा पार बट्ट्याबोळ झाला. तेली गल्लीला दोन तास पाणी, इतकं की गटारं वाहिली. कोटावरच्या वस्तीला दहा मिनिटं. आमच्या गल्लीला अर्धा तास मिळालं, पण टाकीच रिकामी होत आली होती, त्यामुळे करंगळीएवढी धार. कुणी म्हणे मच्छिंद्र पिऊन येतोय, कुणी म्हणे नगरसेवकानं सांगून तेली गल्लीला जास्त सोडायला लावलंय. एवढ्या वर्षांत ज्याच्याबद्दल एक तक्रार नव्हती त्याच्या नावानं गावभर बोंब उठली. शेवटी कोटावरच्या बायांनी रिकाम्या घागरी घेऊन नगरपालिकेवर मोर्चा काढला. मी कोटावरची नव्हते, तरी गेले. नुसती गेले नाही, घागर बडवत पुढच्या रांगेत गेले.

पाणीपुरवठ्याचे साहेब बाहेर आले. मच्छिंद्र त्यांच्या मागं उभा होता.

"काय रे, घड्याळ नाही का तुझ्याकडं?" साहेबांनी सगळ्यांदेखत विचारलं.

मच्छिंद्रनं खांद्यावरची चावी उतरवून हातात घेतली.

"किती वेळ पाणी सोडतोस ते तरी सांग. पाऊण तास म्हणजे किती, कळतं का?"

मच्छिंद्र चावीकडं बघत राहिला. साहेबांनी त्याच्या हातातली चावी घेतली आणि उद्यापासून येऊ नको म्हणून सांगितलं. तो रोजंदारीवरचा माणूस, त्याला काढायला कागदसुद्धा लागला नाही. घरी आल्यावर मी आत्याबाईंच्या फोटोपुढं उदबत्ती लावली. जिवाला थंड वाटलं, खोटं कशाला बोलू?

तीन-चार दिवसांनी दुपारच्या वेळी तो गिरणीत आला. फोन चार्ज करायला नव्हता आला. जोत्याच्या कडेला बसला.

"वैनी, ते गेम परत येतात का बघा की. त्या दुकानदाराकडं गेलो होतो, तो म्हणतोय तसले आता मिळत न्हाईत."

"गेमपायीच काम गेलं तुमचं. अजून गेमच पायजेत?"

"गेमपायी न्हाई गेलं, वैनी. गेम न्हाईत म्हणून गेलं."

त्याला बोलायचं होतं, आणि मला ऐकायची मजा वाटत होती.

"गाडीच्या गेमात शर्यतीला वेळ बांधून दिलेला असतोय," तो म्हणाला. "तुमी पुढं राहा न्हाई तर मागं, वेळ संपली की भोंगा वाजतोय. तसल्या तीन शर्यती म्हणजे तुमची गल्ली. तिसरा भोंगा झाला की मी चावी फिरवायचो. क्रिकेटची दहा षटकं म्हणजे तेली गल्ली. विटांचा तिसरा टप्पा म्हणजे कोट. फुगे बाजारपेठेला. सात वर्षं असंच चालत होतं, कुणाची तक्रार न्हाई."

"आन् घड्याळ?"

"ह्या फोनची बॅटरी सैल हाय, रबर लावलाय बघा. जरा हिसका बसला की बंद, आन् चालू केला की घड्याळ आपलं बारावर. मनगटाचं घड्याळ घेऊन पाहिलं मी. पण पाणी काय ठरल्या वेळंला चढतंय का टाकीत? नऊ सतराला सोडलं तर पाऊण तास कवा भरला, ते मला जमत न्हाई. दुसरीतनं शाळा सुटली माझी. सायबांनी सगळ्यांदेखत विचारलं तवा काय सांगू? ड्यूटीवर गेम खेळत होतो म्हणून?"

माझी मजा तिथंच संपली. पण मी अजून हट्टानं बसले होते.

"मग आमच्या आत्याबाई गेल्या त्या दिवशी कुठं गेले होते तुमचे भोंगे?"

त्यानं मान वर केली. "त्या दिवशी सहा केल्या की, वैनी. तीनाच्या जागी सहा. मयताच्या घरी पाणी कमी पडू नये म्हणून दुप्पट सोडलं. तेली गल्लीची माणसं अंगावर आली, त्यांना सांगितलं वॉल अडकलाय. मी उठलोसुद्धा न्हाई तिथनं."

"आमच्या नळाला थेंब न्हवता."

"काय म्हणता?"

"थेंब न्हवता म्हणते मी. उसनी घागर आणून न्हाऊ घातलं म्हातारीला. तुमी तिथं गेम खेळत बसलेले बघितलं मी."

मग त्यानं विचारलं, "नळ नुसता कोरडा होता, का हवा ओढत होता? तोंडाला हात लावला होता का?"

"हात आत ओढत होता."

"मग तुमच्या अलीकडं कुणीतरी मोटर लावली होती. सरळ लाइनीला. दीड तास पाणी वढलं म्हणजे मोठा हौद पायजे त्याला." त्यानं कुणाचं नाव घेतलं नाही. उठला, कपडे झटकले. "तुमी त्या दिवशीच बोलला असता तर मी हुडकून काढलं असतं. आता माझ्या हातात चावी न्हाई," म्हणाला आणि गेला.

आमच्या गल्लीत नऊ घरं. मोठा हौद एकाच घरात.

मी पट्टा बंद केला, हाताचं पीठही झटकलं नाही आणि तशीच चालत सुटले. प्रयागकाकू अंगणात शेंगा फोडत होत्या. मी त्यांच्याशी न बोलता गोठ्यामागं गेले आणि हौदावरचा पत्रा उचलला. पाण्यात उतरलेली काळी वायर होती, आणि नळाच्या लाइनीला जोडलेला निळा पाइप. हौदात निम्म्याहून जास्त पाणी होतं. आवाज होऊ नये म्हणून मोटर बुडवून ठेवलेली.

"काय हुडकतीयास गं?" काकू मागं येऊन उभ्या राहिल्या.

"त्या दिवशी घागर आणलीत ती हितलीच ना?"

काकूंचा चेहरा क्षणभर पडला, पण क्षणभरच. "हितली असंल न्हाईतर कुठली असंल. दिली का न्हाई? सगळी गल्ली बघत होती तवा एकटी मी आले घागर घेऊन, विसरलीस?"

"माझंच पाणी मला उसनं दिलंत, काकू. त्यात पुन्हा उपकार दाखवलेत."

"नळातलं पाणी काय नाव लिहून येतंय? माझ्या दोन गायी, एक गाभण. त्यांना काय पाजू? तुझी सासू मेली होती, माझी जनावरं जिती होती."

मी मोटरची वायर हातात धरली तशी काकूंनी आवाज खाली आणला. "हे बघ, द्वारका. बोंबलायला जाशील तर जा. पण मच्छिंद्रचे गेम कुणी काढले, आन् मुद्दाम काढले, ते तूच मला सांगितलंयस. मी काय सायबाला सांगायची न्हाई का? त्यापरास तू माझं झाक, मी तुझं झाकती. दोघींचं भलं."

मी घरी आले. ह्यांना सांगितलं. हे शांतपणे म्हणाले, "गप बस. काकूच्या शब्दावर निम्मी गल्ली चालते. उद्या दळण दुसरीकडं न्यायला लागली तर चूल कशानं पेटवशील?" ते चुकीचं बोलत नव्हते. मी रात्रभर गप्प बसायचं ठरवलं आणि सकाळी उठून नगरपालिकेत गेले.

लोक नंतर म्हणाले की द्वारकेला पश्चात्ताप झाला. तसं काही नव्हतं. मच्छिंद्रसाठी मी गेले असते तर त्याच दुपारी गेले असते. मी प्रयागकाकूसाठी गेले. माझ्या डोळ्यांपुढं आत्याबाईंचे कोरडे केस होते आणि पदर तोंडाला लावून हसणारी काकू होती. आपलं नाक कापून दुसऱ्याला अपशकुन करतात म्हणे. मला त्या दिवशी नाकाची काही पडलेली नव्हती.

साहेबांनी मोटरचं ऐकून घेतलं, लिहून घेतलं, आणि मग विचारलं, "हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

"मच्छिंद्रनं. आन् आधी त्याचं लिहा. त्याचं काम माझ्यामुळं गेलं."

साहेबांनी माणूस पाठवून मच्छिंद्रला बोलावून घेतलं. मी ह्याची तयारी केली नव्हती. तो येऊन दाराशी उभा राहिला, आणि त्याच्यासमोर मला सगळं पहिल्यापासून सांगावं लागलं. भोंगे, षटकं, विटांचे टप्पे. साहेब आधी हसले, मग हसायचे थांबले.

"म्हणजे तुम्ही हे चुकून केलं नाही?"

"न्हाई. मुद्दाम केलं."

मच्छिंद्रनं तेवढ्यात एकच विचारलं. "मी जे चार म्हणलो होतो, तेच ध्यानात ठेवून काढले?"

"हो."

"मला वाटलं दुःखात चुकलं असंल," तो म्हणाला.

"चुकलं माझं, मच्छिंद्रभाऊ."

तो साहेबांकडं बघत उभा राहिला. 

त्या दिवशी दुपारीच नगरपालिकेची माणसं आली आणि प्रयागकाकूंची मोटर उचलून घेऊन गेली. नळ चार महिने तोडला. काकू अंगणात उभ्या राहून माझ्या सात पिढ्यांचा उद्धार करत होत्या, आणि मी गिरणीच्या दारात उभी राहून सगळं ऐकत होते. मला ते ऐकायला गोड लागलं. पुढं निम्म्या गल्लीनं दळण दुसरीकडं नेलं, ते वर्षभरानं एकेक करून परत आलं. काकू मात्र मरेपर्यंत माझ्याशी बोलल्या नाहीत. त्याचं मला काही वाटलं नाही.

मच्छिंद्र कामावर परत आला. साहेबांनी त्याला मोठ्या आकड्यांचं घड्याळ दिलं आणि एका पुठ्ठ्यावर सोडायची वेळ आणि तोडायची वेळ अशा सगळ्या जोड्या लिहून दिल्या. तो ते बघून काम करायला शिकला. गावाचं पाणी पुन्हा ताळ्यावर आलं. फोन चार्ज करायला तो पुन्हा कधी गिरणीत आला नाही.

आमच्या गल्लीची पहिली पाळी आली त्या दिवशी मी नळाखाली घागर लावून बसले होते. धार आली, चांगली मनगटाएवढी. तेवढ्यात दारातून हाक आली.

"वैनी."

मच्छिंद्र उभा होता. चेंबरवर वॉल उघडून, सगळी गल्ली चालत टोकाला आला होता. चावी खांद्यावर.

"पाणी आलं का?"

"आलं."

"धार बरी हाय?"

"हाय."

"नळ हात ओढत न्हाई ना? लावून बघा."

मी हात लावून पाहिला. "न्हाई ओढत."

"मग भरून घ्या. पुरं झालं की सांगा, म्हणजे बंद करतो."

मी म्हणाले, "मला कशाला विचारता? पुठ्ठ्यावर लिहिलंय की."

"तुमच्या गल्लीचं पुठ्ठ्यावर न्हाई घेतलं. मागं माझ्याकडनं तुमच्या घरी पाणी पोचलं न्हाई. आता तुमी पुरं म्हणल्याबिगर मी तोडायचा न्हाई."

हे तो हळू आवाजात, अगदी आदरानं बोलला. पण बाकीच्या घरांच्या बाया आपापल्या दारात भांडी घेऊन उभ्या होत्या आणि ऐकत होत्या. मी लवकर पुरे म्हणाले तर माझ्या गल्लीच्या घागरी रिकाम्या राहणार. उशिरा म्हणाले तर पुढं तेली गल्ली आहे, कोट आहे, तिथल्या बाया मला ओळखत होत्या, मी त्यांच्या मोर्च्यात पुढं होते. गल्लीचं पाणी त्यानं माझ्या जिभेवर आणून ठेवलं होतं. मी दुसरी घागर भरत आली तेव्हाच म्हणाले, "पुरं." शेजारच्या दारातून कुणीतरी म्हणालं, "एवढ्यात? आमचं अजून पिंपबी भरलं न्हाई." मच्छिंद्रनं ऐकून न ऐकल्यासारखं केलं आणि चालत जाऊन वॉल बंद केला.

पुढच्या आठवड्यात परत तेच. वैनी, पाणी आलं का? धार बरी हाय? हात ओढत न्हाई ना? त्याच्या पुढच्याही आठवड्यात. दुष्काळ सरला, पाणी चार दिवसांवर आलं, मग एक दिवसाआड झालं, तरी त्यानं एकदाही चुकवलं नाही. मी एकदा ह्यांना दारात उभं केलं, तर तो म्हणाला, "वैनींनाच बोलवा." एकदा मी माहेरी गेले होते, तेव्हा तो वॉल बंद न करता दारात थांबला आणि शेवटी शेजारणीनं फोन लावून माझ्याकडून पुरे म्हणवून घेतलं. नवे साहेब आले, त्यांनी पुठ्ठा बघून विचारलं की ह्या गल्लीची वेळ का नाही लिहिलेली. मच्छिंद्र म्हणाला म्हणे, "ती वेळ गिरणीवाल्या वैनी ठरवतात."

बारा वर्षं. कधी लवकर म्हणून माझ्या गल्लीच्या शिव्या खाल्ल्या, कधी उशिरा म्हणून पलीकडच्यांच्या.

गेल्या मे महिन्यात तो कामातून मोकळा झाला. शेवटच्या दिवशी पाळी आमच्या गल्लीची होती. तो आला, केस सगळे पांढरे, चावीचा भार आता खांद्याला पेलवत नव्हता. विचारायचं ते विचारलं. मी उत्तरं दिली. घागरी भरल्या, पिंप भरलं, न्हाणीतली टाकी भरली. शेजारपाजारच्यांचंही भरून झालं. त्या दिवशी मी ठरवलं होतं की मी म्हणायचंच नाही. एकदा तरी त्यानंच म्हणावं, पुरे झालं, वैनी. तेवढं म्हणाला असता तर मला पावलं असतं.

मी दारात उभी राहिले, तो अंगणात उभा राहिला. टाकी वाहायला लागली. पाणी न्हाणीतून अंगणात आलं, त्याच्या चपलांखालून गल्लीत गेलं. शेजारच्या बायका माझ्याकडं बघायला लागल्या. त्यानं घड्याळाकडं पाहिलं नाही, माझ्याकडंही पाहिलं नाही. पाणी बरंच लांब, पार प्रयागकाकूंच्या घरापर्यंत पोचलं असेल.

शेवटी मीच म्हणाले.